ल्युकेमिया म्हणजे काय? शब्दाचा अर्थ, त्याचा उगम आणि रिपोर्टवरची भाषा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या गावी मी सव्वीस वर्षं पॅथॉलॉजी लॅबमध्ये काम केलं. रक्ताची काच रंगवायची, मायक्रोस्कोपखाली धरायची, पेशी मोजायच्या. रिपोर्ट हातात पडला की नातेवाईक डॉक्टरांच्या आधी आम्हालाच विचारायचे, "भाऊ, हे काय लिहिलंय?" डॉक्टरांसमोर बोलायचा धीर होत नाही आणि लॅबवाला आपल्यातला वाटतो. खालचे प्रश्न असेच लोकांनी वेळोवेळी विचारलेले आहेत. उपचार काय घ्यायचे ते तुमचे डॉक्टरच सांगतील. मी इथे शब्द उलगडून देतो आहे, कारण न कळलेल्या शब्दानं घाबरून उपचार लांबवलेली घरं मी पाहिली आहेत.

ल्युकेमिया या शब्दाचा सरळ अर्थ काय?

पांढरं रक्त. ग्रीक भाषेत 'ल्यूकोस' म्हणजे पांढरा आणि 'हाइमा' म्हणजे रक्त. हे दोन शब्द जोडून एकोणिसाव्या शतकात जर्मनीत 'ल्युकेमी' असा शब्द घडवला गेला, आणि तोच इंग्रजीतून आपल्याकडे आला. या शब्दात कर्करोग कुठेही नाही, मरणही नाही. डोळ्यांना जे दिसलं तेवढंच त्यात आहे.

मग रक्त खरंच पांढरं होतं का?

नाही. ल्युकेमियाच्या रुग्णाचं बोट टोचलं तर लालच थेंब येतो, फार तर थोडा फिका. पण जांभळ्या बुचाच्या नळीत घेतलेलं रक्त यंत्रात फिरवलं किंवा काही वेळ उभं ठेवलं, की त्याचे थर होतात. तांबड्या पेशी तळाशी बसतात, पिवळसर पाणी वर राहतं, आणि दोन्हींच्या मध्ये पांढरट करडा पापुद्रा दिसतो. निरोगी माणसात हा पापुद्रा इतका पातळ असतो की नवख्याला दाखवून द्यावा लागतो. ल्युकेमियात पांढऱ्या पेशी फार वाढलेल्या असल्या, तर तोच थर सायीसारखा जाड होतो. असा थर मी पहिल्यांदा पाहिला, तेव्हा हे नाव का पडलं ते कोणी समजावून सांगायची गरज उरली नाही.

हिशेब सांगतो. एक मायक्रोलिटर म्हणजे अगदी टिपकाभर रक्त. त्यात तांबड्या पेशी साधारण ४० ते ५० लाख असतात आणि पांढऱ्या ४ ते ११ हजार. म्हणजे एका पांढऱ्या पेशीमागे शेकड्यांनी तांबड्या. ल्युकेमियात पांढऱ्यांचा आकडा लाखाच्या वरही जाऊ शकतो. मात्र प्रत्येक वेळी तसं होत नाही. काही रुग्णांत आकडा सर्वसाधारण असतो, काहींत कमीच असतो, आणि आजार हाडांच्या आतल्या मज्जेत लपलेला असतो. म्हणून नुसत्या आकड्यावरून कोणाला 'आहे' किंवा 'नाही' म्हणता येत नाही.

हे नाव कोणी आणि कधी ठेवलं?

नाव ठेवलं रुडॉल्फ फिरखो या जर्मन डॉक्टरानं, १८४७ मध्ये. पण गोष्ट दोन वर्षं आधी, दोन वेगळ्या शहरांत सुरू होते.

१८४५ साली स्कॉटलंडमधल्या एडिनबरा इथे जॉन ह्यूज बेनेट या डॉक्टरानं अठ्ठावीस वर्षांच्या एका कामगाराचं शवविच्छेदन केलं. छपरं शाकारायचं काम करणारा माणूस. त्याची पानथरी, म्हणजे प्लीहा, प्रचंड वाढलेली होती आणि रक्तात पू मिसळल्यासारखं दिसत होतं. शरीरात पू तयार व्हावा अशी जखम किंवा गळू कुठेच नव्हतं, तरी बेनेटनं 'हे रक्तच पिकलं आहे' असा निष्कर्ष काढला.

त्याच वर्षी बर्लिनच्या शारिटे रुग्णालयात पन्नाशीतली एक स्वयंपाकीण दगावली. तिचं रक्त पाहिलं फिरखोनं. तो तेव्हा अवघा चोवीस वर्षांचा होता. त्यानं लिहिलं की हा पू नाही. रक्तात एरवीही असणारे रंगहीन कण इथे अतोनात वाढलेत आणि तांबड्या-पांढऱ्यांचं नेहमीचं प्रमाण उलटं झालं आहे. कारण सापडलं नव्हतं, म्हणून त्यानं कारणाचा आव आणला नाही. आधी लेखाला साधंच 'पांढरं रक्त' असं जर्मन नाव दिलं, आणि दोन वर्षांनी त्याचा ग्रीक अवतार केला.

बेनेटचा लेख काही आठवडे आधी छापून आला होता. त्यामुळे पहिला मान कोणाचा यावर दोघांच्या बाजूंनी पुढे बराच वाद झाला. त्याही आधी, १८४४ मध्ये, फ्रान्समध्ये आल्फ्रेड डोने यांनी पांढरे कण वाढलेलं रक्त मायक्रोस्कोपखाली पाहून नोंदवलं होतं. पुढे बेनेटनं स्वतःचा शब्द सुचवला, 'ल्यूकोसायथेमिया', म्हणजे पांढऱ्या पेशींचं रक्त. खरं सांगायचं तर हा शब्द जास्त बिनचूक आहे, कारण रक्त पांढरं नसतं, पेशी पांढऱ्या असतात. पण आटोपशीर शब्द टिकला.

माझा कल मात्र फिरखोकडेच आहे. जे दिसलं त्याला नाव दिलं आणि जे माहीत नव्हतं त्याची जागा मोकळी ठेवली. ती जागा भरायला वेळ लागला. १८६८ मध्ये अर्न्स्ट नॉयमान यांनी रक्तपेशी हाडांच्या मज्जेत तयार होतात हे दाखवलं, आणि मग या आजाराचं मूळ मज्जेतही असू शकतं हे कळू लागलं. त्याच शतकाच्या शेवटच्या पंचवीस वर्षांत पॉल एर्लिख यांनी पेशींना रंग द्यायच्या पद्धती काढल्या, तेव्हा कुठे 'पांढऱ्या' म्हणून एकात मोजल्या जाणाऱ्या पेशींचे प्रकार वेगळे दिसले. आज लॅबमध्ये काच रंगवतात ती त्याच परंपरेतली.

"डेंग्यूत माझ्या पांढऱ्या पेशी कमी झाल्या होत्या, आणि ल्युकेमियात वाढतात म्हणे. मग मला उलटा आजार होता का?"

हा गोंधळ मी सर्वांत जास्त वेळा सोडवला आहे, म्हणून थोडं थांबून सांगतो.

आपल्याकडे डेंग्यूच्या दिवसांत 'पेशी कमी झाल्या', 'पांढऱ्या पेशी वीस हजारांवर आल्या' असं सर्रास बोलतात. तिथे बोलणाऱ्याच्या मनात असतात प्लेटलेट्स. प्लेटलेट्स म्हणजे रक्त गोठवणारे बारीक कण, त्यांची नेहमीची संख्या दीड ते साडेचार लाख. पांढऱ्या पेशी वेगळ्या. त्या जंतूंशी लढतात आणि त्यांची संख्या हजारांत असते. रिपोर्टवर त्यांच्यापुढे 'डब्ल्यूबीसी' किंवा 'टीएलसी' लिहिलेलं असतं.

आता पाहा काय होतं. 'पांढऱ्या पेशी वीस हजार' हे वाक्य प्लेटलेट्सबद्दल असेल तर संख्या फार कमी आहे. तेच वाक्य खऱ्या पांढऱ्या पेशींबद्दल असेल तर संख्या वाढलेली आहे. फोनवरून गावाकडून असा निरोप आला की मी आधी विचारायचो, "रिपोर्टवर नेमकं काय लिहिलंय, अक्षरं वाचून दाखव." तुम्हीही हेच करा.

आणखी एक. वीस हजार पांढऱ्या पेशी दिसल्या म्हणून लगेच ल्युकेमिया समजू नका. न्यूमोनिया, पिकलेलं गळू, अपेंडिक्सची सूज अशा साध्या संसर्गातही त्या वाढतात. अशा वाढीला 'ल्यूकोसायटोसिस' म्हणतात. संसर्गात शरीर कामाच्या, तयार पेशी पाठवतं आणि काम झालं की संख्या उतरते. ल्युकेमियात बिघडलेल्या पेशी कुणी न बोलावता वाढत राहतात आणि मज्जेत जागा अडवून बसतात. मग तांबड्या पेशींना आणि प्लेटलेट्सना तयार व्हायला जागा उरत नाही. म्हणूनच धाप लागणं, चेहरा फिका पडणं, हिरड्यांतून रक्त येणं, अंगावर लाल-जांभळे ठिपके, पुन्हा पुन्हा ताप, हाडं दुखणं ही लक्षणं दिसतात. कित्येक रुग्णांत प्लेटलेट्सही कमी होतात, त्यामुळे 'डेंग्यूच असेल' म्हणून दिवस जातात. ताप उतरल्यावरही पेशी वर येत नसतील तर काच तपासून घ्यायला सांगा. मशीन आकडा देतं. पेशीचं रूप काचेवर माणसाच्याच डोळ्यांना पाहावं लागतं.

कोड, अंगावरून पांढरं जाणं, यांच्या नावातही 'ल्यूको' येतं. त्यांचा ल्युकेमियाशी संबंध आहे का?

काहीही नाही. कोडाला 'ल्यूकोडर्मा' म्हणतात, म्हणजे पांढरी त्वचा. अंगावरून पांढरं जाण्याला 'ल्यूकोरिया', म्हणजे पांढरा स्राव. रंग सारखा म्हणून शब्द सारखा, आजार पूर्ण वेगळे. एका बाईनं ल्यूकोरियाचा कागद पाहून आपल्याला ब्लड कॅन्सर झाला असं धरलं होतं आणि दोन महिने घरात कुणाला सांगितलं नव्हतं.

याच कुटुंबातल्या एका शब्दाकडे मात्र लक्ष द्या. 'ल्यूकोप्लाकिया' म्हणजे तोंडात उठलेला, खरवडून न निघणारा पांढरा चट्टा. तो ल्युकेमिया नव्हे, पण तंबाखू-गुटखा खाणाऱ्यांत तो पुढे तोंडाच्या कर्करोगाकडे जाऊ शकतो. तंबाखूची डबी आपल्याकडे घराघरात आहे, म्हणून इथे लिहून ठेवतो.

"मी लातूरला नीटची तयारी करतेय. शेवटचं 'एमिया' लक्षात कसं ठेवू?"

ते पाठ करू नकोस, ओळख. 'एमिया' आलं की रक्ताची अवस्था. ॲनिमिया म्हणजे रक्ताचा अभाव. युरेमियात रक्तात युरिया साठतो, हायपोग्लायसेमियात साखर उतरते. 'हिमोग्लोबिन' आणि 'हिमोफिलिया' यांच्या सुरुवातीला तेच 'हाइमा' बसलेलं आहे. ब्रिटिश स्पेलिंगमध्ये 'ए' जास्तीचा दिसतो तोही या 'हाइमा'मुळेच. अमेरिकन लोकांनी तो गाळला. दोन्ही बरोबर.

हा ग्रीक शब्द आपल्या भाषेला अगदीच परका आहे का?

मला हा प्रश्न फार आवडतो. 'ल्यूकोस' ज्या प्राचीन धातूपासून आला, त्याचा मूळ अर्थ उजेड, चकाकणं. तोच धातू संस्कृतात 'रुच्' झाला. त्यातून 'रुची' आली, आणि 'रुक्म' म्हणजे चकाकणारं सोनं, त्यावरून रुक्मिणी. फारसीत त्याच मुळापासून 'रोशन' झालं, त्यावरून आपली 'रोषणाई'. निजामाच्या राज्यात राहिलेल्या मराठवाड्यात तर 'रोशन' हे नाव गल्लीगल्लीत सापडतं. म्हणजे आषाढीला आपण जिला रखुमाई म्हणून हाक मारतो, तिच्या नावात आणि ल्युकेमियाच्या 'ल्यूकोस'मध्ये एकच जुना उजेड आहे. आजाराचा भार यानं हलका होत नाही, पण तो शब्द तोंडातून काढताना जीभ अडखळते ती थोडी कमी अडखळते, असा माझा अनुभव आहे.

ल्युकेमिया आणि ब्लड कॅन्सर एकच का?

ल्युकेमिया हा ब्लड कॅन्सरचा एक प्रकार. लिम्फोमा आणि मायलोमा हेही ब्लड कॅन्सरच, पण वेगळे. 'कॅन्सर' या शब्दाचा अर्थ खेकडा. ग्रीक वैद्यांना गाठीभोवती पसरलेल्या शिरा खेकड्याच्या नांग्यांसारख्या वाटल्या. आपला 'कर्क' म्हणजे खेकडाच, आणि उर्दूतला 'सरतान' म्हणजेही खेकडा. ल्युकेमियात बहुतेक वेळा अशी गाठ नसतेच. म्हणून 'गाठ कुठंय ते दाखवा, कापून काढा' असं आजोबा म्हणतात तेव्हा त्यांना समजावावं लागतं की हा आजार रक्तासोबत सगळीकडे फिरतो, त्यावर औषधच चालतं.

रिपोर्टवर 'ब्लास्ट ८० टक्के' लिहिलंय. आत काही फुटलंय का?

काहीही फुटलेलं नाही. हा स्फोटाचा ब्लास्ट नव्हे. ग्रीक 'ब्लास्टोस' म्हणजे कोंब. मज्जेत पेशी आधी कोंबासारखी कोवळी असते, मग टप्प्याटप्प्यानं तयार होऊन रक्तात उतरते. ल्युकेमियाच्या काही प्रकारांत हे कोंब तयारच होत नाहीत, नुसते वाढत जातात. शेतात उगवण दाट व्हावी पण एकाही ताटाला कणीस धरू नये, आणि त्या गर्दीत बाकीच्या पिकाचा जीव घुसमटावा, तसं. निरोगी मज्जेतही थोडे ब्लास्ट असतात, साधारण ५ टक्क्यांच्या आत. रक्तात सहसा ते दिसू नयेत.

'ॲक्यूट' म्हणजे भयंकर आणि 'क्रॉनिक' म्हणजे बरा न होणारा, असंच ना?

असं नाही, आणि या चुकीची किंमत मोठी आहे. 'ॲक्यूट' हा लॅटिन शब्द, मूळ अर्थ टोकदार. आजाराच्या बाबतीत वेगानं येणारा. 'क्रॉनिक' मध्ये ग्रीक 'क्रोनोस' म्हणजे काळ आहे, म्हणजे सावकाश चालणारा. दोन्ही शब्द वेग सांगतात, शेवट सांगत नाहीत.

लहान मुलांत सर्वांत जास्त आढळणारा ल्युकेमिया ॲक्यूटच असतो, ॲक्यूट लिम्फोब्लास्टिक. प्रगत देशांत या मुलांपैकी सुमारे ९० टक्के मुलं पाच वर्षांनंतरही जिवंत असतात. उपचार दोन-तीन वर्षं चालतात आणि मधे सोडून चालत नाहीत. 'ॲक्यूट म्हटलंय, आता काय उपयोग' असं म्हणून लेकराला घरी घेऊन जाणाऱ्यांना मला हेच सांगायचं आहे.

'लिम्फॉइड' आणि 'मायलॉइड' कशावरून?

'लिम्फ' म्हणजे लॅटिनमध्ये स्वच्छ पाणी, त्यावरून शरीरातला लसिका रस. 'मायलोस' म्हणजे ग्रीकमध्ये मगज, मज्जा. मटणाच्या नळीतला मगज ज्यांनी खाल्ला आहे त्यांना वेगळं सांगायला नको. पांढऱ्या पेशींची दोन घराणी आहेत, त्यांपैकी कोणतं बिघडलं ते या शब्दातून कळतं. वेगाचे दोन आणि घराण्याचे दोन, असे मुख्य प्रकार चार.

रिपोर्टवर 'फिलाडेल्फिया पॉझिटिव्ह' आहे. आम्ही तर परभणीच्या पुढे कधी गेलो नाही!

ते अमेरिकेतलं शहर आहे. तिथे १९६० मध्ये पीटर नोवेल आणि डेव्हिड हंगरफोर्ड यांना क्रॉनिक मायलॉइड ल्युकेमियाच्या पेशींत एक नेहमीपेक्षा आखूड गुणसूत्र दिसलं, त्याला त्या शहराचं नाव पडलं. १९७३ मध्ये जॅनेट राउली यांनी उलगडलं की ९ आणि २२ क्रमांकांच्या गुणसूत्रांनी आपापले तुकडे अदलाबदल केलेले असतात. हा दोष आईवडिलांकडून येत नाही आणि मुलांना जात नाही. बिघाड नेमका कुठे आहे ते कळल्यामुळेच त्यावर नेमकं औषध सापडलं. इमॅटिनिब नावाची ही गोळी २००१ मध्ये अमेरिकेत मंजूर झाली. या प्रकारचे कित्येक रुग्ण आज रोज गोळी घेऊन शेती-नोकरी करतात. बरं वाटतंय म्हणून गोळी मनानं बंद करू नका.

मज्जेची तपासणी म्हणजे पाठीतून पाणी काढणं का? पाय जातात का त्यानं?

दोन वेगळ्या तपासण्या आहेत. मज्जा बहुधा कमरेच्या हाडाच्या मागच्या बाजूनं, जागा बधिर करून काढतात. पाठीतून पाणी काढतात ते आजार मेंदूभोवतीच्या द्रवात पोचलाय का ते पाहायला. तिथेच औषधही देतात. सुई मज्जारज्जू संपतो त्याच्या खाली घालतात, त्यामुळे पाय जाण्याची भीती मनातून काढा.

जुन्या ग्रंथांत याला काय म्हणायचे?

मायक्रोस्कोपशिवाय हा आजार वेगळा ओळखता येणं शक्य नव्हतं. 'पांडुरोग' म्हणजे फिकटपणा, तो मुख्यतः ॲनिमियाशी जुळतो. सुश्रुतसंहितेतलं 'रक्तार्बुद' ही रक्त वाहणारी गाठ आहे, तेव्हा तो शब्द ल्युकेमियाला लावणं मला पटत नाही.

हा आजार एकाचा दुसऱ्याला होतो का?

नाही. एका ताटात जेवा.

सदाफुलीपासून याचं औषध करतात हे खरं का?

खरं आहे, पण पूर्ण ऐका. आपल्या अंगणात बारमाही फुलणारी सदाफुली मूळची मादागास्करची. जमैकात मधुमेहासाठी तिच्या पानांचा चहा घेत, जशी आपल्याकडेही साखरेसाठी पानं चावतात. १९५० च्या दशकात कॅनडात रॉबर्ट नोबल यांनी तो गुण तपासायला घेतला. साखर काही उतरली नाही, पण उंदरांच्या पांढऱ्या पेशी घसरल्या. त्या धाग्यावरून व्हिनब्लास्टिन आणि पुढे व्हिन्क्रिस्टिन ही औषधं मिळाली. व्हिन्क्रिस्टिन आजही मुलांच्या ल्युकेमियाच्या उपचारात असतं. किलोंनी पानं घेतली तर औषधाचा कण हाती लागतो, आणि तो थेट शिरेतूनच, मोजून द्यावा लागतो. घरी काढा करून पाजू नका. त्याच पानांत इतर विषारी द्रव्यंही असतात.

याच इतिहासात आपल्या देशाचाही एक माणूस आहे. आंध्रातल्या भीमवरमचे येल्लाप्रगडा सुब्बाराव. अमेरिकेत त्यांच्या हाताखालच्या पथकानं फोलिक ॲसिडला अडवणारी औषधं बनवली. त्यांतलं अमिनोप्टेरिन बोस्टनच्या सिडनी फार्बर यांनी १६ आजारी मुलांना दिलं आणि १० मुलांत आजार काही काळ मागे हटला. हे १९४८ मध्ये छापून आलं. मुलं फार काळ वाचली नाहीत, पण 'पांढरं रक्त' पुन्हा लाल होऊ शकतं हे जगानं तेव्हा पाहिलं. त्याच जातीचं मेथोट्रेक्सेट आजही वापरात आहे. सुब्बाराव त्याच वर्षी वारले.

निदान झालं. आता कुठे जायचं आणि डॉक्टरांना काय विचारायचं?

छत्रपती संभाजीनगरला घाटी रुग्णालय आणि आमखास मैदानाजवळचं शासकीय कर्करोग रुग्णालय आहे. तिथून गरज पडली तर मुंबईला परळच्या टाटा रुग्णालयात पाठवतात. पहिल्या रात्रीच मुंबईची गाडी धरण्याआधी इथे दाखवून घ्या. ताप किंवा रक्तस्राव असलेल्या माणसाला प्रवासात धोका असतो. शिधापत्रिका आणि आधार कार्ड सोबत ठेवा. महात्मा जोतीराव फुले जनआरोग्य योजनेसाठी रुग्णालयात आरोग्यमित्र बसतात, त्यांना आधी भेटा.

आणि डॉक्टरांना विचारा, "साहेब, पूर्ण नाव काय?" नुसतं 'ल्युकेमिया' म्हणजे १८४७ पर्यंतचंच उत्तर झालं. ॲक्यूट की क्रॉनिक, लिम्फॉइड की मायलॉइड, गुणसूत्रांच्या तपासणीत काय निघालं, हे सगळं एका चिठ्ठीवर लिहून घ्या, मराठी अक्षरांत लिहिलं तरी चालतं. ती चिठ्ठी फाइलच्या पहिल्या पानावर चिकटवा. उद्या वेगळ्या दवाखान्यात, वेगळ्या डॉक्टरांसमोर, रात्री दोन वाजता ज्याच्या हातात फाइल असेल त्या भाच्याला किंवा शेजाऱ्याला ती वाचून दाखवता आली पाहिजे.